सावेदादांची रिळे

आमच्या घरी जुन्या सुप्याचा एकच फोटो आहे. आजोबा दुकानाच्या पायरीवर उभे आहेत आणि मागे रस्त्याचा थोडा भाग दिसतो. काळी नदीवरचे धरण 1987 मध्ये पुरे झाले. गाव पाण्याखाली गेले आणि तालुक्याचे ठाणे जोयड्याला आले. त्या रस्त्यावरून माणसे कशी चालत, बाजार कसा भरे, हे फोटोवरून कळत नाही. सावेदादांचे चरित्र वाचताना मला सारखा तो फोटो आठवत होता.

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांचा जन्म 1868 सालचा. मुंबईत त्यांचा फोटोग्राफीचा व्यवसाय होता. 7 जुलै 1896 रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा पहिला खेळ झाला आणि सावेदादांना या नव्या कलेचे वेड लागले. त्यांनी विलायतेहून 21 गिनींना कॅमेरा मागवला. वाणिज्य शाखेचा विद्यार्थी म्हणून मी लगेच हिशेब मांडला. गिनी 21 शिलिंगांची आणि तेव्हा पौंडाला 15 रुपये. म्हणजे कॅमेरा पडला साधारण 330 रुपयांना, वाहतूक व जकात वेगळी. बाजारात खपेल की नाही याची कुणालाच कल्पना नव्हती, अशा मालात त्यांनी हे भांडवल घातले!

1899 मध्ये हँगिंग गार्डनला दोन पैलवानांची कुस्ती लावून ती त्यांनी टिपली. रीळ धुण्यासाठी विलायतेला पाठवावे लागले. ते बोटीने परत येईपर्यंत आपण नेमके काय टिपले हे खुद्द सावेदादांनाही पाहता येत नव्हते. पुढे त्यांनी माकडवाल्याचा खेळही टिपला. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यानंतर 14 वर्षांनी, 1913 मध्ये आला. तरीही आपल्या पुस्तकांत सावेदादांच्या वाट्याला एखादी ओळ येते, आणि हे मला बरोबर वाटत नाही.

त्यांचे सर्वांत मोलाचे काम मात्र 1901 मधले. दापोली तालुक्यातील मुर्डी गावचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे 1899 मध्ये केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत पहिले येऊन सीनियर रँग्लर झाले होते. हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय. डिसेंबर 1901 मध्ये ते मायदेशी परतले, तेव्हा मुंबईत त्यांचे जंगी स्वागत झाले आणि सावेदादा आपला कॅमेरा घेऊन तेथे हजर होते. भारतातला पहिला वार्तापट म्हणून याच चित्रणाचा उल्लेख होतो. कुस्ती त्यांनी स्वतः जुळवून आणली होती. ही गर्दी मात्र आपणहून जमलेली होती, आणि तीही एका गणितज्ञासाठी! पुढे 1903 च्या दिल्ली दरबाराचेही त्यांनी चित्रण केले. लॉर्ड कर्झनच्या हत्तींपेक्षा मला तो रँग्लर अधिक जवळचा वाटतो. पण धंद्याच्या दृष्टीने दरबार सोडून चालण्यासारखा नव्हता, हेही खरे.

त्यानंतर काही वर्षांतच त्यांनी चित्रण सोडले आणि ते गेइटी थिएटरच्या कारभारात रमले. 20 फेब्रुवारी 1958 रोजी, नव्वदीला टेकल्यावर, त्यांचे निधन झाले.

आज त्यांचे एकही रीळ उपलब्ध नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती चटकन पेट घेई आणि नुसती ठेवली तरी कालांतराने कुजून तिची भुकटी होई. शिवाय तिच्यात चांदी असल्यामुळे कितीतरी जुनी रिळे चांदी काढण्यासाठी विकली गेली. आमच्या भाषेत सांगायचे तर मालाची किंमत संपली आणि भंगाराची उरली. फाळक्यांच्या चित्रपटांचे काही तुकडे तरी पी. के. नायर यांनी मिळवून पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आणले; पण हे संग्रहालयच 1964 मध्ये स्थापन झाले, सावेदादांच्या मृत्यूनंतर सहा वर्षांनी.

जुन्या चित्रणातून काय उभे राहते याचे उदाहरण तमिळमध्ये आहे. ए. के. चेट्टियार यांनी देशोदेशी फिरून गांधीजींची सुमारे 50,000 फूट फिल्म गोळा केली आणि 1940 मध्ये त्यांच्यावर माहितीपट काढला. कुणीतरी ते तुकडे जपून ठेवले होते, म्हणूनच त्यांना ते मिळाले. उद्या कुणी रँग्लर परांजप्यांवर चित्रपट काढायचे ठरवले, तर स्वागताची ती गर्दी त्याला भाड्याची माणसे आणून उभी करावी लागेल.

मागच्या दिवाळीत मी आजोबांचा तो फोटो मोबाइलवर टिपून घेतला आणि खाली नाव लिहिले. साल मात्र घरात कुणालाच आठवेना.