एक पट, दोन नियम : लिझी मॅगी यांची जीवनकथा

रात्रीची जेवणे आटोपली, की चार-सहा मोठी माणसे पट मांडून बसतात. फासे पडतात, कागदी नोटा या हातातून त्या हातात जातात, आणि दोन-तीन तासांनंतर एकजण साऱ्या शहराचा मालक झालेला असतो, तर बाकीच्यांचे खिसे रिकामे झालेले असतात. भारतातील अनेक घरांना हा खेळ ‘व्यापार’ किंवा ‘बिझनेस’ या नावाने परिचित आहे. त्याच्या पटावर मुंबई, दिल्ली अशी आपली शहरे असतात. जगभर मात्र तो ‘मोनोपॉली’, म्हणजेच मक्तेदारी, या नावाने ओळखला जातो.

या खेळाचा मूळ पट अमेरिकेतील एका लघुलेखिकेने विसाव्या शतकाच्या प्रारंभी तयार केला होता. त्यांचे नाव एलिझाबेथ मॅगी. परिचितांमध्ये त्या लिझी म्हणून ओळखल्या जात. जमिनीची मक्तेदारी समाजाला कशी दरिद्री करते, हे लोकांच्या डोळ्यांसमोर उभे राहावे, हा त्यांचा हेतू होता. प्रत्यक्षात त्यांचा खेळ सर्वतोमुखी झाला तो मक्तेदार होण्याचा आनंद देणारा खेळ म्हणून. त्यांचे नाव तर जवळजवळ चाळीस वर्षे कोणाच्या स्मरणातही नव्हते.

वडिलांकडून मिळालेला वारसा

लिझी मॅगी यांचा जन्म ९ मे १८६६ रोजी इलिनॉय राज्यातील मॅकोम्ब या गावी झाला. त्यांचे वडील जेम्स मॅगी हे वृत्तपत्राचे चालक आणि गुलामगिरीचे कट्टर विरोधक होते. १८५८ मध्ये अब्राहम लिंकन आणि स्टीफन डग्लस यांच्यात इलिनॉयमध्ये जाहीर वादसभा झाल्या, त्या काळात त्यांनी लिंकन यांच्यासमवेत प्रवासही केला होता. अन्यायाविरुद्ध बोलले पाहिजे आणि लोकांना पटेल अशा भाषेत बोलले पाहिजे, हा संस्कार लिझी यांना घरातच मिळाला.

हेन्री जॉर्ज या अर्थचिंतकाचा ‘प्रोग्रेस अँड पॉव्हर्टी’ हा १८७९ मध्ये प्रसिद्ध झालेला ग्रंथ वडिलांनीच त्यांच्या हाती ठेवला. जमीन ही कोणा एकाने निर्माण केलेली नाही आणि तिचे मोल वाढते ते भोवतालच्या समाजाच्या श्रमामुळे, असे जॉर्ज यांचे प्रतिपादन होते. म्हणून जमिनीच्या मोलावरच कर आकारावा, श्रमावरील आणि उत्पादनावरील अन्य कर रद्द करावेत, असा त्यांचा आग्रह होता. ही विचारसरणी ‘एकच कर’ या नावाने प्रसिद्ध झाली. लिझी मॅगी आयुष्यभर तिच्या प्रचारक राहिल्या.

दिवसा नोकरी, रात्री प्रचार

तरुणपणी त्या वॉशिंग्टनला आल्या. पत्ता न सापडलेली पत्रे जेथे जमा होत, त्या टपाल खात्याच्या कार्यालयात त्यांनी काम केले. लघुलेखन आणि टंकलेखन हा त्यांचा व्यवसाय झाला. त्या कविता आणि कथा लिहीत, रंगमंचावर विनोदी भूमिकाही करीत. १८९३ मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, टंकलेखनयंत्राच्या रुळांमधून कागद सुलभपणे सरकावा यासाठी केलेल्या सुधारणेचे पेटंट त्यांनी मिळविले. अविवाहित राहून, स्वतःच्या मिळकतीतून त्यांनी घर घेतले. त्या काळातील स्त्रीच्या दृष्टीने ही गोष्ट असाधारण होती.

कार्यालयातून परतल्यावर त्या हेन्री जॉर्ज यांच्या विचारांचे वर्ग घेत. परंतु व्याख्यानाला येणारे श्रोते मोजकेच असत आणि अर्थशास्त्राचा विषय ऐकताना कंटाळत. दिवसभर कष्ट करून आलेली माणसे संध्याकाळी कशात रमतात, याचा त्यांनी विचार केला. त्या काळी अमेरिकेतील मध्यमवर्गीय घरांतून पटावरचे खेळ लोकप्रिय होऊ लागले होते. आपल्याकडे मोक्षपटाने सापशिडीच्या खेळातून पापपुण्याची शिकवण दिली. त्याचप्रमाणे खंडाची आणि भाड्याची शिकवण पटावरून देता येईल, असे मॅगी यांना वाटले.

‘लँडलॉर्ड्स गेम’

या विचारातून जमीनदाराचा खेळ, म्हणजेच ‘लँडलॉर्ड्स गेम’, जन्माला आला. मॅगी यांनी मार्च १९०३ मध्ये पेटंटसाठी अर्ज केला आणि ५ जानेवारी १९०४ रोजी ते त्यांना मिळाले.

तोपर्यंतचे बहुतेक पट आरंभापासून शेवटाकडे जाणारे असत. मॅगी यांच्या पटावर सोंगट्या चौकोनी मार्गाने पुन्हा पुन्हा फिरत राहत. प्रत्येक घराला खरेदीची किंमत आणि भाडे ठरलेले होते. प्रत्येक बाजूच्या मध्यभागी रेल्वे होती. एका कोपऱ्यावर तुरुंग, दुसऱ्यावर सार्वजनिक उद्यान आणि गरिबांचे आश्रयगृह होते. एका कोपऱ्यावर परदेशी उमरावाची खासगी मालमत्ता होती. तेथे पाऊल टाकणाऱ्याची रवानगी थेट तुरुंगात होई. फेरी पूर्ण करणाऱ्याला धरतीमातेवर केलेल्या श्रमांचा मोबदला म्हणून शंभर डॉलर मिळत. आजचा ‘मोनोपॉली’ किंवा ‘व्यापार’ खेळलेल्या कोणालाही यातील बरेच काही ओळखीचे वाटेल.

मात्र मॅगी यांच्या खेळात आज न आढळणारी एक गोष्ट होती. एकाच पटासाठी त्यांनी दोन प्रकारचे नियम लिहिले होते. पहिल्या प्रकारात जमिनी बळकावायच्या, भाडे उकळायचे आणि इतरांना दिवाळखोर करायचे. दुसऱ्या प्रकारात जमिनीचे भाडे सार्वजनिक तिजोरीत जमा होई. तिजोरी भरत गेली, की दिवे आणि रेल्वे यांसारख्या सेवा सर्वांच्या मालकीच्या होत, विनाशुल्क महाविद्यालय येई आणि मजुरीचा दर वाढे. सर्वांत गरीब खेळाडूचे प्रारंभीचे भांडवल दुप्पट झाले, की सर्वांनीच डाव जिंकला असे मानले जाई.

आधी पहिल्या नियमांनी खेळावे, मित्राला कंगाल होताना पाहावे. नंतर त्याच पटावर दुसऱ्या नियमांनी खेळावे आणि फरक स्वतः अनुभवावा, अशी त्यांची योजना होती. मुलेही हा खेळ खेळतील आणि मोठेपणी अन्याय ओळखतील, अशी आशा त्यांना होती.

स्वतःच्या लिलावाची जाहिरात

१९०६ मध्ये मॅगी शिकागोला गेल्या. तेथे समविचारी सहकाऱ्यांसमवेत स्थापन केलेल्या ‘इकॉनॉमिक गेम कंपनी’ने हा खेळ प्रसिद्ध केला. पण लघुलेखिकेच्या आठवड्याच्या दहा डॉलर वेतनात निर्वाह कठीण होता. त्याच वर्षी त्यांनी वृत्तपत्रात एक विलक्षण जाहिरात दिली. आपण एक तरुण अमेरिकी गुलाम स्त्री असून सर्वाधिक बोली लावणाऱ्यास विक्रीस उपलब्ध आहोत, अशा आशयाची ती होती. आपण रूपवती नाही, हेही त्यांनी त्यात नमूद केले होते. कष्टकरी स्त्रीच्या परावलंबी स्थितीवरचे ते बोचरे भाष्य होते. देशभर खळबळ उडाली, लग्नाचे प्रस्तावही आले. त्या प्रसिद्धीतून त्यांना काही काळ वार्ताहराची नोकरी मिळाली.

‘मॉक ट्रायल’ हा त्यांचा पत्त्यांचा खेळ ‘पार्कर ब्रदर्स’ या कंपनीने १९१० मध्ये प्रकाशित केला. त्याच वर्षी, वयाच्या ४४ व्या वर्षी, त्यांनी अल्बर्ट फिलिप्स यांच्याशी विवाह केला. पुढे १९१३ मध्ये ब्रिटनमध्ये ‘लँडलॉर्ड्स गेम’ची आवृत्ती वेगळ्या नावाने निघाली. पहिल्या पेटंटची मुदत संपल्यावर मॅगी यांनी पटात सुधारणा केली आणि १९२४ मध्ये दुसरे पेटंट घेतले.

घराघरांतून फिरणारा पट

दरम्यान, हा खेळ दुकानांपेक्षा बैठकांमधून अधिक पसरला. ‘एकच कर’ विचारावर १९०० मध्ये वसविण्यात आलेल्या डेलावेअरमधील आर्डेन या वसाहतीत तो खेळला जाई. तेथून स्कॉट नीअरिंग यांनी तो पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या व्हार्टन विद्यालयात नेला आणि विद्यार्थ्यांना खंड व भाडे समजावून सांगण्यासाठी वापरला. विद्यार्थ्यांनी तो आपापल्या गावी नेला. मेणकापडावर हाताने पट आखावा, घरांना आपल्या गावातील रस्त्यांची नावे द्यावीत आणि शेजाऱ्यांना खेळायला बोलवावे, असा प्रघात पडला.

या बैठकांमध्ये नियमही बदलत गेले. ॲटलांटिक सिटी येथील क्वेकर पंथीयांना लिलावाचा गलका रुचत नसे; त्यांनी लिलाव वगळून जमिनींच्या किमती पटावरच लिहिल्या. रस्त्यांची नावेही त्यांनी आपल्या शहरातील घातली. परंतु सर्वांत मोठा बदल कोणी जाणीवपूर्वक केला नव्हता. सर्वांची भरभराट साधणारे नियम हळूहळू खेळातून गळून पडले. मित्रांच्या बैठकीत रंग भरे तो चुरशीमुळे, घासाघिशीमुळे आणि शेवटी कोणीतरी कंगाल झाल्यामुळे. लोक या खेळाला ‘मोनोपॉली’ म्हणू लागले आणि कर्तीचे नाव मागे पडले.

एका बैठकीचे मोल

१९३२ मध्ये फिलाडेल्फिया येथील चार्ल्स टॉड यांनी आपल्या घरी चार्ल्स डॅरो आणि त्यांच्या पत्नीला हा खेळ शिकविला. डॅरो त्या वेळी महामंदीत बेरोजगार झालेले होते. खेळ त्यांना इतका आवडला, की त्यांनी टॉड यांच्याकडून नियम लेखी मागून घेतले. त्यानंतर १९३३ पासून तोच पट स्वतःची निर्मिती म्हणून ते विकू लागले. टॉड यांच्या पटावर ‘मार्व्हन गार्डन्स’ या जागेचे नाव चुकून ‘मार्व्हिन गार्डन्स’ असे लिहिले गेले होते. ती चूकही डॅरो यांच्या पटावर जशीच्या तशी उतरली आणि पुढे तीच त्यांच्याविरुद्ध बोलका पुरावा ठरली.

‘पार्कर ब्रदर्स’ने १९३५ मध्ये डॅरो यांच्याकडून खेळाचे हक्क घेतले. विक्री प्रचंड झाली, डॅरो लक्षाधीश झाले आणि बेकारीत तळघरात बसून खेळ शोधणारा कल्पक गृहस्थ ही त्यांची कथा देशभर गाजली. मात्र मॅगी यांचे १९२४ चे पेटंट अजून अस्तित्वात होते. कंपनीचे संस्थापक जॉर्ज पार्कर स्वतः व्हर्जिनियातील आर्लिंग्टन येथे त्यांना भेटले. त्या वर्षीच्या नोव्हेंबरमध्ये कंपनीने ते पेटंट ५०० डॉलरना विकत घेतले. विक्रीवर मानधन देण्याची तरतूद नव्हती. आपले विचार आता लाखो घरांत पोहोचतील, या समाधानात मॅगी यांनी ते स्वीकारले.

वस्तुस्थिती लवकरच त्यांच्या ध्यानात आली. जानेवारी १९३६ मध्ये वॉशिंग्टनच्या वृत्तपत्रांना मुलाखती देऊन आणि आपले जुने पट दाखवून त्यांनी आपला हक्क मांडला. वकील, छपाई आणि पेटंट यांवर झालेला खर्च लक्षात घेता या खेळाने त्यांना मिळवून देण्यापेक्षा खर्चातच अधिक टाकले असावे, असे त्या वेळच्या वृत्तात म्हटले होते. कराराप्रमाणे कंपनीने त्यांचे आणखी दोन खेळ काढले, १९३९ मध्ये ‘लँडलॉर्ड्स गेम’चीही आवृत्ती काढली. पण या खेळांना फारसा प्रतिसाद मिळाला नाही.

१९४० च्या अमेरिकी जनगणनेत मॅगी यांनी आपला व्यवसाय खेळांची निर्मिती असा नोंदविला. उत्पन्नाच्या रकान्यात शून्य होते. १९४८ मध्ये, वयाच्या ८१ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. त्यांना अपत्य नव्हते.

न्यायालयातून उजेडात

त्यांचे नाव पुन्हा पुढे आले ते एका खटल्यामुळे. सॅन फ्रान्सिस्को येथील अर्थशास्त्राचे प्राध्यापक राल्फ अँस्पाक यांनी १९७३ मध्ये ‘अँटी-मोनोपॉली’ नावाचा खेळ काढला. त्यावरून उद्भवलेल्या दीर्घ न्यायालयीन लढ्यात अँस्पाक यांनी जुनी पेटंट शोधून काढली, हाताने आखलेले पट जमविले आणि टॉड यांच्यासह जुन्या खेळाडूंच्या साक्षी मिळविल्या. मॅगी यांच्या पटापासून डॅरो यांच्यापर्यंतचा सारा प्रवास त्यातून स्पष्ट झाला. १९८३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने अँस्पाक यांच्या बाजूचा निकाल कायम राहू दिला. पुढे २०१५ मध्ये मेरी पायलन यांच्या ‘द मोनोपॉलिस्ट्स’ या ग्रंथाने ही कथा सर्वसामान्य वाचकांपर्यंत पोहोचविली.

मित्रमंडळींच्या बैठकीसाठी खेळ निवडताना आपण खेळाडू किती, वेळ किती, रंगत किती, एवढेच पाहतो. लिझी मॅगी यांच्या आयुष्याकडे पाहिले, की आणखी एक प्रश्न विचारावासा वाटतो : या डावात जिंकणे म्हणजे काय? एक जण श्रीमंत होऊन बाकीचे उठून जाणे, की सर्वांत मागे असलेला पुढे येईपर्यंत सर्वांनी पटाशी बसून राहणे? मॅगी यांनी हे दोन्ही पर्याय एकाच पेटीत ठेवले होते. जगाने त्यांतील एक उचलला. दुसरा आजही कोणत्याही घरात, त्याच ‘व्यापारा’च्या पटावर, नियम बदलून खेळून पाहता येईल.