एका फ्लाइंग किसमुळे अख्खा जपान तिच्यावर उलटला, तीन वर्षांत ती दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसली

तारीख १९ जानेवारी १९५०. ठिकाण टोकियो.

जपानची सगळ्यात लाडकी हिरोईन तीन महिन्यांचा अमेरिका दौरा करून परत येत होती. जाताना ती किमोनो नेसून गेली होती. परत आली तेव्हा अंगात पाश्चात्त्य ड्रेस, वर फरचा कोट आणि डोळ्यांवर काळा गॉगल. स्वागताला आलेल्यांना तिने इंग्रजीत हॅलो केलं. मग गिंझा या टोकियोच्या झगमगत्या भागातून उघड्या गाडीतून तिची मिरवणूक निघाली आणि रस्त्यावरच्या गर्दीकडे बघून तिने फ्लाइंग किस दिले.

बास, एवढंच झालं.

पण पेपर आणि मासिकांनी तिला धुऊन काढलं. अमेरिकेत जाऊन हिच्या डोक्यात हवा गेली, असा सूर लागला. कालपर्यंत तिच्या तिकिटासाठी रांगा लावणारे लोकही चिडले.

ट्रोलिंग हा शब्द तेव्हा कुणाला माहीत नव्हता, पण प्रकार तोच होता.

या हिरोईनचं नाव किनुयो तनाका. तेव्हा ती ४० वर्षांची होती. आता हिचं संपलं, असं अनेकांना वाटत होतं. पण तिची सगळ्यात मोठी कामं अजून व्हायची होती.

बंदरावरच्या गावातून थेट स्टेजवर

किनुयोचा जन्म १९०९ सालचा. जपानच्या होन्शू बेटाच्या पश्चिम टोकाला शिमोनोसेकी नावाचं बंदराचं शहर आहे, तिथला. भावंडांत ती सगळ्यात धाकटी. ती लहान असतानाच वडील गेले आणि घराची घडी विस्कटली.

त्यातच थोरला भाऊ सैन्यभरती टाळण्यासाठी घरातून गायब झाला. त्या काळच्या जपानमध्ये ही साधी गोष्ट नव्हती. गावात घराकडे बोटं दाखवली जाऊ लागली. शेवटी कुटुंबाने ओसाका गाठलं.

किनुयो बिवा शिकली होती. बिवा म्हणजे जपानी तंतुवाद्य. साधारण दहा-अकरा वर्षांची असताना ती ओसाकामधल्या मुलींच्या एका बिवा संगीत नाटक मंडळीत दाखल झाली. गाणं, नाच, अभिनय हे सगळं ती तिथे स्टेजवर शिकली. घराला चार पैसेही मिळू लागले.

पण तिला ओढ होती सिनेमाची.

आपल्याकडे बालगंधर्व स्त्री भूमिका गाजवत होते, त्याच काळात जपानमध्येही बायकांची कामं पुरुष करायचे. नाटकातली ही पद्धत सिनेमातही आली होती आणि १९२०च्या आसपास ती मोडायला लागली. पडद्यावर खऱ्या बायका दिसू लागल्या. सुमिको कुरिशिमा ही त्यातली पहिली मोठी स्टार. किनुयोसारख्या मुलींना तिच्यामुळे कळलं की बाईला हेही काम करता येतं.

१९२४ साली, वयाच्या चौदाव्या वर्षी, किनुयो शोचिकू या मोठ्या स्टुडिओच्या क्योटोमधल्या शाखेत रुजू झाली. पुढच्याच वर्षी ती टोकियोच्या कामाता स्टुडिओत गेली. छोट्या-छोट्या भूमिका करत ती काही वर्षांत मुख्य नायिका झाली. मधल्या काळात हिरोशी शिमिझू या तरुण दिग्दर्शकासोबत तिने संसार मांडला होता. तो दोनेक वर्षांत मोडला आणि त्यानंतर तिने कधीच लग्न केलं नाही. आई आणि भावंडांची जबाबदारी मात्र शेवटपर्यंत तिच्याच खांद्यावर राहिली.

सिनेमा बोलू लागला आणि तिला घाम फुटला

१९३१ हे साल आपल्याला आठवतं ते 'आलम आरा'मुळे. त्याच वर्षी जपानचा पहिला यशस्वी बोलपट आला. दिग्दर्शक होता हेइनोसुके गोशो आणि सिनेमाचं नाव होतं 'मादामु तो न्योबो', म्हणजे 'मॅडम आणि बायको'.

गोष्ट मजेशीर आहे. एका नाटककाराला शांतपणे लिहायचं असतं, पण आजूबाजूच्या आवाजांमुळे काही सुचत नाही. त्यात शेजारच्या घरात जॅझ बँडचा दणदणाट. बोलपट विकायचा तर गोष्टच आवाजाची घ्यायची, अशी ही शक्कल होती. नाटककाराच्या बायकोचं काम किनुयोकडे आलं.

तिची अडचण वेगळीच होती. तिच्या बोलण्यात शिमोनोसेकीचा हेल होता आणि सिनेमा टोकियोचा. मूकपटात हे लपलं होतं, आता माइकसमोर लपणार नव्हतं. बोलपट आल्यावर जगभर अनेक स्टार आवाजापायी घरी बसले. किनुयोलाही तीच भीती होती.

झालं उलटंच. तिचा तो गोड, किंचित गावाकडचा आवाज लोकांना भयंकर आवडला.

१९३३ साली यासुनारी कावाबाताच्या कथेवर गोशोने 'इझूची नर्तकी' केला. कावाबाताला पुढे साहित्याचं नोबेल मिळालं. त्यातली फिरत्या मंडळीतली कोवळी नाचणारी मुलगी किनुयोच होती. त्याच वर्षी यासुजिरो ओझूच्या एका गुन्हेगारी पटात ती गुंडाची मैत्रीण झाली. १९३८ साली आलेल्या 'आयझेन कात्सुरा'ने कळस केला. नवरा गेलेली, पदरी मूल असलेली एक नर्स आणि हॉस्पिटल मालकाचा डॉक्टर मुलगा यांची ही प्रेमकहाणी. बायकांनी थिएटरं भरून टाकली.

युद्धाच्या सिनेमातली आई

मग युद्ध आलं. सरकारला सिनेमे हवे होते ते लोकांना लढायला पाठवणारे.

१९४४ साली केइसुके किनोशिताने 'रिकुगुन', म्हणजे 'लष्कर' हा सिनेमा केला. किनुयो त्यात एका सैनिकाची आई होती. देशासाठी हसत-हसत मुलगा देणारी आई लष्कराला अपेक्षित होती. शेवटच्या प्रसंगात मुलाची पलटण शहरातून कूच करते. आई घरी असते. बिगुल ऐकून ती बाहेर पडते, गर्दीतून धावत सुटते, ठेचकाळते, मुलाला शोधते. सापडल्यावर त्याच्या बाजूने धावत राहते. शेवटी ती मागे पडते आणि हात जोडते. हा सगळा प्रसंग जवळपास संवादाशिवाय आहे.

लष्करी अधिकारी भडकले. ही आई रडतेय कशाला, हा त्यांचा राग होता. युद्ध संपेपर्यंत किनोशिताला पुढचा सिनेमा करता आला नाही.

ज्या घरातला मुलगा लष्कराला घाबरून पळाला म्हणून गावाने बोटं दाखवली, त्याच घरातल्या धाकट्या मुलीने पडद्यावर ही आई उभी केली होती.

मग तो फ्लाइंग किस

१९४५ साली जपान हरला आणि अमेरिकेच्या ताब्यात गेला. केंजी मिझोगुचीच्या सिनेमांत किनुयो आता वेगळ्याच बायका रंगवू लागली. १९४७ साली तिने सुमाको मात्सुई या आधुनिक जपानी रंगभूमीवरच्या अभिनेत्रीचं काम केलं, तर १९४८ साली युद्धाने रस्त्यावर आणलेली वेश्या. पुरस्कार मिळत होते आणि मान होता. म्हणूनच १९४९च्या ऑक्टोबरमध्ये तिला सदिच्छा दूत म्हणून अमेरिकेला पाठवलं गेलं.

परत आल्यावर काय झालं ते वर वाचलंच. पण लोक इतके का चिडले?

रस्त्यावर तेव्हा अमेरिकन सैनिक फिरत होते. त्यांच्यासोबत दिसणाऱ्या जपानी बायकांना लोक तिरस्काराने बघायचे. पराभवाची चीड अमेरिकनांवर काढता येत नव्हती. अशात जपानी बाईचा आदर्श म्हणून डोक्यावर घेतलेली नटी काळा गॉगल लावून फ्लाइंग किस देताना दिसली आणि सगळा राग तिच्यावर निघाला.

त्यानंतरच्या सिनेमांवरही टीका झाली. आता तिच्या वयावरून टोमणे सुरू झाले. ती कामाकुरातल्या घरी एकटी पडली. जीव द्यावा, असेही विचार तिच्या मनात येऊन गेले.

तिला बाहेर काढलं कामानेच. १९५२ साली मिझोगुचीने 'ओहारूचं आयुष्य' केला. सतराव्या शतकातली एक खानदानी मुलगी प्रेमात पडल्याची शिक्षा म्हणून घसरत-घसरत रस्त्यावरची वेश्या होते, अशी ती गोष्ट. कोवळ्या मुलीपासून थकलेल्या बाईपर्यंतचा हा प्रवास चाळिशी ओलांडलेल्या किनुयोने एकटीने पेलला. व्हेनिसच्या महोत्सवात सिनेमाला आंतरराष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पाठोपाठ 'उगेत्सु' आणि 'सांशो द बेलिफ' आले. व्हेनिसमध्ये दोन्हींना सिल्व्हर लायन मिळाला आणि दोन्हींत किनुयो होती.

तिला कॅमेऱ्यामागे जायचं होतं

एवढं झाल्यावर कुणीही हेच करत राहिलं असतं. किनुयोला मात्र दिग्दर्शक व्हायचं होतं.

तोपर्यंत जपानमध्ये कथापट दिग्दर्शित करणारी बाई एकच होऊन गेली होती. तिचं नाव ताझुको साकाने, सिनेमा १९३६ सालचा. त्यानंतर ती वाट बंदच होती.

किनुयोने सुरुवात खालून केली. १९५३ साली ती मिकिओ नारुसेच्या सेटवर साहाय्यक म्हणून उभी राहिली. त्याच वर्षी तिने स्वतःचा पहिला सिनेमा केला, 'कोइबुमी', म्हणजे 'प्रेमपत्र'. पटकथा 'लष्कर'वाल्या किनोशिताची होती.

विषय बघा. शिबुयाच्या एका गल्लीत माजी नौसैनिक बसतो आणि जपानी बायकांना अमेरिकन सैनिकांसाठी इंग्रजीत प्रेमपत्रं लिहून देतो. सैनिक मायदेशी गेलेत, बायका मागे राहिल्यात. एक दिवस पत्र लिहून घ्यायला त्याचंच जुनं प्रेम समोर येतं. तो तिला माफ करू शकत नाही. सिनेमा त्याला आणि प्रेक्षकाला विचारतो की या बायकांना नावं ठेवणारे तुम्ही कोण? तीन वर्षांपूर्वी अमेरिकाळलेली म्हणून शिव्या खाल्लेल्या बाईने पहिलाच सिनेमा यावर केला होता. तो १९५४ साली कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता.

दुसऱ्या सिनेमाच्या वेळी वाद झाला. ओझूने आपली पटकथा तिला दिली होती. पण दिग्दर्शकांच्या संघटनेचा अध्यक्ष मिझोगुची होता आणि त्याने तिच्या दिग्दर्शनाला उघड विरोध केला. म्हणजे बायकांची दुःखं पडद्यावर मांडून जगभर नाव कमावलेला हाच दिग्दर्शक. ज्या नटीने त्याच्या डझनाहून जास्त सिनेमांना चेहरा दिला, तिने दिग्दर्शन करणं त्याला मान्य नव्हतं. ओझू मात्र तिच्या बाजूने ठाम राहिला आणि १९५५ साली 'चंद्र उगवला' प्रदर्शित झाला. किनुयो आणि मिझोगुचीने पुन्हा एकत्र काम केलं नाही. १९५६ साली मिझोगुची गेला.

१९५५ सालीच तिचा तिसरा सिनेमा आला. फुमिको नाकाजो ही होक्काइडोची कवयित्री. घटस्फोटित, मुलांची आई. स्तनाच्या कर्करोगाने १९५४ साली, तिशी नुकतीच ओलांडलेली असताना ती गेली. वर्षभरात किनुयोने तिच्यावर सिनेमा केला, पटकथाही एका बाईकडून, सुमिए तनाकाकडून लिहून घेतली. शस्त्रक्रियेनंतरचं शरीर आणि त्याही अवस्थेत मनात असलेली प्रेमाची, शरीरसुखाची इच्छा तिने आडपडदा न ठेवता दाखवली. आजही या विषयावर आपण घरात दबक्या आवाजात बोलतो. तो सिनेमा ७० वर्षांपूर्वीचा आहे.

पुढे आणखी तीन सिनेमे आले. एक मांचुरियात लग्न करून गेलेल्या जपानी उमराव घराण्यातल्या मुलीचा, एक वेश्याव्यवसाय बंदीनंतर नवं आयुष्य शोधणाऱ्या मुलींचा आणि एक सोळाव्या शतकातल्या प्रेमकथेचा. १९६२ साली सहावा सिनेमा आला. त्यानंतर तिला दिग्दर्शन करता आलं नाही.

दात काढले, वय दाखवलं

अभिनय सुरूच होता. १९५८ साली किनोशिताच्या 'नारायामाची गाथा'मध्ये तिने सत्तरीला टेकलेली ओरिन केली. तिच्या गावाचा नियम असतो की म्हाताऱ्यांना डोंगरावर नेऊन सोडायचं. ओरिनला दात अजून मजबूत असण्याची लाज वाटते, म्हणून ती ते दगडाने पाडते. या भूमिकेसाठी किनुयोने स्वतःचे पुढचे दात काढून घेतले, असं सांगितलं जातं. तेव्हा तिने पन्नाशीही गाठली नव्हती. वयावरून टोमणे खाल्लेल्या नटीने आपणहून म्हातारपण अंगावर घेतलं होतं.

शेवटची मोठी भूमिका १९७४ सालची, केइ कुमाईचा 'सांदाकान नंबर ८'. गरिबीमुळे परदेशातल्या कुंटणखान्यांत विकल्या गेलेल्या जपानी मुलींना कारायुकी-सान म्हणायचे. त्या बोर्निओ, सिंगापूरला गेल्या, काही तर मुंबईपर्यंत आल्या. म्हातारपणी झोपडीत एकटी राहणारी अशीच एक ओसाकी किनुयोने साकारली. तिची कहाणी ऐकायला आलेली तरुण संशोधक निघताना विचारते की तुला काय देऊ? ओसाकी तिचा वापरलेला टॉवेल मागते आणि तो हातात धरून ढसाढसा रडते.

१९७५ साली बर्लिनमध्ये या भूमिकेसाठी तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

दोन वर्षांनी, २१ मार्च १९७७ रोजी, मेंदूतल्या ट्यूमरने ती गेली. वय ६७. शेवटच्या दिवसांत तिची काळजी घेतली ती नात्यातल्याच मासाकी कोबायाशी या दिग्दर्शकाने.

आज काय उरलंय?

जपानमध्ये १९८५ पासून तिच्या नावाने अभिनेत्रींना पुरस्कार दिला जातो. शिमोनोसेकीत तिचं संग्रहालय आहे. पण दिग्दर्शक म्हणून जगाने तिची दखल घेतली ती फार उशिरा. २०२१ साली तिचे सहाही सिनेमे दुरुस्त करून फ्रान्समधल्या लिआँच्या महोत्सवात दाखवले गेले आणि मिझोगुचीची नायिका एवढीच ओळख असलेल्या बाईकडे लोक नव्याने बघू लागले.

बघायला सुरुवात करायची असेल तर आधी 'ओहारूचं आयुष्य' बघा. मग 'प्रेमपत्र'. त्यात किनुयो स्वतःही एका छोट्या भूमिकेत आहे, अमेरिकन सैनिकाला पत्र लिहून घ्यायला आलेली एक बाई म्हणून.