ग. दि. माडगूळकर (पटकथाकार)

गजानन दिगंबर माडगूळकर ऊर्फ गदिमा (जन्म : शेटफळे, १ ऑक्टोबर १९१९, मृत्यू : पुणे, १४ डिसेंबर १९७७) हे मराठी कवी, गीतकार, पटकथाकार व अभिनेते होते. 'गीतरामायणा'मुळे त्यांची कवी म्हणून ख्याती घरोघरी पोहोचली. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या मराठी चित्रपटांच्या कथा, पटकथा व संवादही मोठ्या संख्येने त्यांनीच लिहिले. मात्र हे कार्य तुलनेने कमी परिचित राहिले.

== बालपण ==
माडगूळकर घराणे तत्कालीन औंध संस्थानातील आटपाडीजवळच्या माडगुळे गावचे. घरची परिस्थिती हलाखीची होती. मॅट्रिकच्या परीक्षेत अपयश आल्यानंतर गदिमा कोल्हापूरच्या चित्रपटसृष्टीत दाखल झाले. 'ब्रह्मचारी' (१९३८) या चित्रपटात त्यांनी लहानशी भूमिका केली. वि. स. खांडेकर यांचे लेखनिक म्हणूनही ते काही काळ काम करीत होते.

== मराठी चित्रपट ==
राजकमल कलामंदिराच्या 'लोकशाहीर रामजोशी' (१९४७) या चित्रपटाने लेखक व गीतकार या दोन्ही नात्यांनी त्यांचा जम बसला. पुढे दिग्दर्शक राजा परांजपे व संगीतकार सुधीर फडके यांच्यासह त्यांनी 'पुढचं पाऊल' (१९५०), 'लाखाची गोष्ट' (१९५२), 'पेडगावचे शहाणे' (१९५२), 'ऊन पाऊस' (१९५४) आणि 'जगाच्या पाठीवर' (१९६०) असे चित्रपट दिले. पौराणिक व संतपटांच्या परंपरेनंतर मध्यमवर्गीय संसार, बेकारी, पैशाचा मोह आणि म्हातारपणीची उपेक्षा हे विषय त्यांनी पडद्यावर आणले. 'ऊन पाऊस'मध्ये एका वृद्ध शिक्षकाची व त्याच्या पत्नीची मुलांकडून होणारी परवड रंगविली आहे.

== दो आँखें बारह हाथ ==
व्ही. शांताराम दिग्दर्शित या हिंदी चित्रपटाची (१९५७) कथा व पटकथा गदिमांची आहे. एक तरुण तुरुंगाधिकारी सहा खुनी कैद्यांना ओसाड माळावर नेतो आणि विश्वास व श्रम यांच्या बळावर त्यांना माणसांत आणतो, असे तिचे सूत्र आहे. या कथेला आधार होता तो औंध संस्थानातील प्रयोगाचा. मॉरिस फ्रीडमन यांच्या पुढाकाराने आणि औंधच्या राजांच्या पाठिंब्याने १९३९ साली आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची मुक्त वसाहत सुरू झाली होती. अशा रीतीने गदिमांच्या स्वतःच्या मुलखातील ही हकिकत बर्लिन महोत्सवापर्यंत पोहोचली आणि तेथे चित्रपटाला रौप्य अस्वल पारितोषिक मिळाले. भारतात त्याला राष्ट्रपती सुवर्णपदक लाभले. चित्रपटाची गीते भरत व्यास यांची होती. चित्रपट शांतारामांच्या नावाने ओळखला गेला व गीते लोकांच्या ओठी बसली. कथालेखकाचे नाव मात्र मागे पडले. 'नवरंग' (१९५९) व 'गूंज उठी शहनाई' (१९५९) या हिंदी चित्रपटांचे लेखनही त्यांचेच.

== उत्तरायुष्य ==
गदिमा १९६२ ते १९७४ या काळात विधान परिषदेचे सदस्य होते. १९६९ साली त्यांना पद्मश्री मिळाली. १९७३ च्या यवतमाळ येथील साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. धाकटे बंधू व्यंकटेश माडगूळकर यांनीही कथा-कादंबरीबरोबर पटकथालेखन केले. वयाच्या ५८ व्या वर्षी गदिमांचे पुण्यात निधन झाले.