तलाठ्याचे दप्तर सोडलेले नाना

आपल्या भागात क्रांतिसिंह नाना पाटलांचे नाव ऐकले नाही असा शेतकरी सापडणे कठीण. पण नाना मुळात महसूल खात्यातले तलाठी होते, हे नव्या पिढीतील पुष्कळांना माहीत नसते. म्हणून हा थोडक्यात परिचय.

नानांचा जन्म ३ ऑगस्ट १९०० चा. गाव येडेमच्छिंद्र, तालुका वाळवा. हा तालुका त्या वेळी सातारा जिल्ह्यात होता, आज तो सांगलीत येतो. घर शेतकऱ्याचे, अंगाने गडी पहिलवान. शिक्षण बेताचेच झाले आणि पुढे तलाठ्याची नोकरी लागली. त्या काळी तलाठी म्हणजे गावातले वजनदार माणूस. शेतसारा कुणाचा थकला, जमीन कुणाकडे गहाण पडली, हे सगळे त्याच्या दप्तरात. शेतकरी कसा बुडतो हे ज्याला रोज कागदावर दिसते, त्याला ते वेगळे समजावून सांगावे लागत नाही. सत्यशोधक चळवळीचे विचार नानांच्या कानावर होतेच. १९३० साली कायदेभंगाची चळवळ सुरू झाली आणि नानांनी नोकरीचा राजीनामा दिला. बांधलेला पगार सोडून तुरुंगाची वाट धरणे ही त्या काळी साधी गोष्ट नव्हती. पुढच्या बारा वर्षांत त्यांना अनेकदा कारावास झाला.

१९४२ च्या लढ्यात सातारा जिल्ह्यात तालुका कचेऱ्यांवर मोर्चे निघाले. ९ सप्टेंबरला वडूजच्या मोर्चावर गोळीबार होऊन माणसे दगावली. उघड लढा चालत नाही म्हटल्यावर कार्यकर्ते भूमिगत झाले, आणि १९४३ पासून प्रतिसरकार उभे राहिले. ७ जून १९४३ ला शेणोलीजवळ रेल्वेची पगाराची गाडी लुटली गेली. एप्रिल १९४४ मध्ये धुळ्याकडे चिमठाण्याजवळ सरकारी खजिना लुटला गेला. जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी, किसन वीर अशी तरुण मंडळी रोजचा कारभार पाहत. नाना मात्र सगळ्यांचे वडीलधारे. डोक्यावर सरकारचे बक्षीस असताना ते गावोगाव फिरत, आणि गावकरी त्यांना लपवत.

शेतकरी बंधूंनी नीट पाहावे असा भाग पुढे आहे. प्रतिसरकारने गावात न्यायदान मंडळे नेमली. बांधाचे तंटे, गहाण जमिनीचे वाद, सावकाराचे हिशेब गावातच मिटू लागले. दारूभट्ट्या मोडल्या. तुफान सेनेने गुंडांचा बंदोबस्त केला. लग्नात कर्ज काढून शेतकरी नागवला जातो म्हणून गांधी पद्धतीचे विवाह सुरू केले. त्यात हुंडा नाही, वाजंत्री नाही, जेवणावळी नाहीत. हार घातले की लग्न लागले.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. गुन्हेगाराच्या तळपायावर मार देण्याची शिक्षा होती. त्यावरून लोक पत्री सरकार म्हणू लागले. अशा मारात पुराव्याची छाननी प्रत्येक वेळी कितपत होणार, हा प्रश्न राहतोच. पण लोक कोर्टकचेरी सोडून या मंडळांकडे का गेले, हा प्रश्न त्याहून मोठा आहे. कारण तिथे तारखा पडत नव्हत्या आणि वकिलाची फी नव्हती.

१९४६ साली प्रांतात काँग्रेसचे मंत्रिमंडळ आले आणि नाना उघड्यावर आले. स्वातंत्र्य मिळाले, पण कुळाचे आणि कर्जाचे दुखणे तसेच राहिले असे त्यांचे मत झाले. काँग्रेसमध्ये राहिले असते तर मानाची जागा मिळाली असती. ते शेतकरी कामगार पक्षात गेले आणि पुढे कम्युनिस्ट पक्षात. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्यांच्या रांगड्या बोलीतल्या सभांना माणूस मावत नसे. १९५७ साली ते साताऱ्यातून लोकसभेवर गेले. १९६७ साली बीडमधून निवडून आले. साताऱ्याच्या माणसाला मराठवाड्यातील शेतकऱ्याने मते दिली, तेव्हा भावकी किंवा जात पाहिली नव्हती, हे आज लक्षात घेण्यासारखे आहे.

दोनदा खासदार होऊनही नानांनी कारखाना काढला नाही की संस्था उभारली नाही. त्यामुळे त्यांच्या मागे वारसांची सत्ता राहिली नाही. ६ डिसेंबर १९७६ रोजी मिरजेत त्यांचे निधन झाले. वाळव्यात त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले.

नानांचे राजकारण सर्वांना पटेल असे नाही, पटावे असाही आग्रह नाही. पण विस्ताराच्या कामात गावोगाव फिरताना एक गोष्ट दिसते. पीक कर्ज उचलले जाते बियाणे-खतासाठी, आणि त्यातले बरेचसे जाते मांडवात. बांधाच्या वादात दोन भाऊ वर्षानुवर्षे कोर्टाच्या पायऱ्या झिजवतात. ही दोन्ही दुखणी नानांनी ऐंशी वर्षांपूर्वी ओळखली होती, आणि त्यांवरचा इलाज गावाच्याच हातात दिला होता. येत्या लग्नसराईत एखाद्या ग्रामसभेने साध्या विवाहाचा ठराव केला, तंटामुक्ती समितीने बांधाचे एक भांडण जरी मिटवले, तरी त्यासाठी वरून कुठल्याही परिपत्रकाची वाट पाहावी लागणार नाही.