पौर्णिमेचा नियम

स्मरणिकेसाठी आवडत्या व्यक्तीवर लिही, असं संपादक मंडळाने सांगितलं, तेव्हा मी एखाद्या शास्त्रज्ञावर लिहीन असं बहुतेकांना वाटलं असेल. मी लिहिते आहे ते कमी खर्चातल्या भयपटांच्या एका लेखकावर. त्याचं नाव कर्ट सिओडमॅक. नाव ओळखीचं वाटणार नाही, पण त्याचं काम आपल्या वर्गापर्यंत पोहोचलं होतं.

१९९२ सालचा 'जुनून' आठवतो? पौर्णिमेच्या रात्री राहुल रॉयचा वाघ व्हायचा. मधल्या सुट्टीत आपल्या वर्गातली निम्मी मुलं नखं काढून डरकाळ्या फोडत फिरायची. तेव्हा एक प्रश्न कुणालाच पडला नाही: पौर्णिमाच का? आपल्याकडे भुताखेतांची रात्र म्हणजे अमावस्या. लिंबू उतरवायचं ते अमावस्येला. पौर्णिमा म्हणजे कोजागिरीचं दूध, नाहीतर सत्यनारायणाचा शिरा. मग ही भीतीची पौर्णिमा आली कुठून? त्या वाटेने मागे मागे जाताना मला सिओडमॅक भेटला.

जन्म १९०२, जर्मनीतल्या ड्रेस्डेनचा. कुटुंब ज्यू. शिक्षण गणिताचं, ओढ मात्र लिहिण्याची. पत्रकारिता करत असताना 'मेट्रोपोलिस'चा दिग्दर्शक फ्रिट्झ लँग याच्याबद्दल बातमी मिळवायची म्हणून तो आणि पुढे त्याची बायको झालेली हेन्रिएटा चक्क त्या सिनेमात एक्स्ट्रा म्हणून गर्दीत उभे राहिले. पुढे थोरला भाऊ रॉबर्ट आणि काही मित्र मिळून अगदी तुटपुंज्या पैशांत 'पीपल ऑन संडे' हा चित्रपट करू लागले, तेव्हा कर्टने आपल्या लेखनाची कमाई त्यात घातली. त्या मित्रांमधले बिली वाइल्डर आणि फ्रेड झिनेमान पुढे हॉलिवूडचे बडे दिग्दर्शक झाले. अटलांटिक महासागरात तरंगणाऱ्या विमानतळावरची कर्टची कादंबरी १९३२ मध्ये पडद्यावर आली, तीही जर्मन, इंग्रजी आणि फ्रेंच अशा तीन भाषांत. तिशीतच त्याचं बस्तान बसलं होतं.

१९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि सगळं मोडलं. कर्टने देश सोडला. काही वर्षं इंग्लंडमध्ये काढून १९३७ मध्ये तो अमेरिकेला गेला. ज्या भाषेत विचार करायचा, ती भाषा आता पोटाच्या उपयोगाची नव्हती. चाळिशीकडे झुकताना परक्या इंग्रजीत लिहून घर चालवायचं होतं. युनिव्हर्सल स्टुडिओत कामाला तोटा नव्हता, पण ते काम होतं अदृश्य माणसाच्या पुढच्या भागांचं, राक्षसांचं. थोडक्यात, दुय्यम समजले जाणारे सिनेमे.

१९४१ मध्ये त्याच्या हातात एक शीर्षक आणि नटांची यादी ठेवली गेली. मुदत काही आठवड्यांची. शीर्षक होतं 'द वुल्फ मॅन'. माणसाचा लांडगा होण्याच्या कथा युरोपात जुन्याच होत्या आणि त्या विषयावरचा एक चित्रपट याच स्टुडिओने १९३५ मध्ये काढलाही होता. पण त्या कथांना ठाम नियम नव्हते. गणित शिकलेल्या या माणसाने ते बसवले. लांडगा चावला की चावलेल्याचाही लांडगा होणार. पुढच्या बळीच्या तळहातावर त्याला चांदणी दिसणार. मरण यायचं ते चांदीनेच. गावातल्या लोकांच्या तोंडी त्याने चार ओळींचं एक पद्य घातलं. त्यात शरदातल्या चंद्राचा उल्लेख होता. १९४३ च्या पुढच्या भागात तोच चंद्र पूर्ण झाला आणि पौर्णिमेचा नियम पक्का झाला.

या कथेचा नायक लॅरी हा सज्जन माणूस आहे. एका मुलीला वाचवायला जातो, चावा घेतला जातो आणि पुढचं काहीच त्याच्या हातात राहत नाही. तो लांडगामाणूस म्हणजे मीच, असं सिओडमॅक पुढे सांगत असे. जर्मनीत ज्यू असणं हे न मागता कपाळी आलेलं नशीब होतं. सप्टेंबर १९४१ मध्ये जर्मनीत ज्यूंना कपड्यांवर पिवळी चांदणी लावायची सक्ती झाली आणि डिसेंबरमध्ये हा चित्रपट प्रदर्शित झाला. हे कळल्यावर तळहातावरची ती चांदणी मला पूर्वीसारखी बघवली नाही.

त्यानंतर तो लिहीतच राहिला. नवी गाडी घ्यायला पैसे हवे होते म्हणून त्याने जेवताना निर्मात्याला गमतीत एक शीर्षक सुचवलं आणि त्या गमतीतून फ्रँकेन्स्टाइन व लांडगामाणूस यांच्या गाठीचा सिनेमा निघाला, असा किस्सा तो सांगायचा. 'सन ऑफ ड्रॅक्युला'ची कथा कर्टची होती. दिग्दर्शन रॉबर्टकडे आलं आणि भावानेच पटकथा दुसऱ्याकडून लिहून घेतली. रॉबर्टला पुढे 'द किलर्स'साठी ऑस्करचं नामांकन मिळालं. कर्ट भयपटांतच राहिला. १९४२ ची त्याची 'डोनोव्हन्स ब्रेन' ही कादंबरी मात्र तीनदा पडद्यावर आली.

१९५३ चा 'द मॅग्नेटिक मॉन्स्टर' त्याने लिहिला आणि दिग्दर्शितही केला. पैसे कमी, म्हणून 'गोल्ड' या १९३४ च्या जर्मन चित्रपटातली भव्य यंत्रांची दृश्यं घेतली आणि ती बसतील अशी कथा रचली. त्यातला राक्षस म्हणजे एक मूलद्रव्य, दर अकरा तासांनी दुप्पट होणारं. हे बघताना मला आपल्या गणिताच्या सरांनी सांगितलेली बुद्धिबळाच्या पटावरच्या दाण्यांची गोष्ट आठवली. त्या दिवशी घरी जाऊन मी खरोखर तांदूळ मोजायला बसले होते आणि आईचा ओरडा खाल्ला होता.

सिओडमॅकच्या बाबतीत गंमत अशी झाली, की त्याने बसवलेले नियम लोकांना प्राचीन वाटू लागले. ते चार ओळींचं पद्यही जुनं लोकगीत समजलं गेलं. १९९७ मध्ये अमेरिकेच्या टपाल खात्याने लांडगामाणसाचं तिकीट काढलं. त्यावर चेहरा लॉन चेनी या नटाचा होता. लेखक तेव्हा पंचाण्णव वर्षांचा होता आणि हयात होता. पुढच्या वर्षी बर्लिनच्या चित्रपट महोत्सवाने त्याचा गौरव केला. २००० मध्ये कॅलिफोर्नियात तो वारला.

मला तो जवळचा वाटण्याचं कारण तसं साधं आहे. पंधरा वर्षांपूर्वी मी लिहिलेला तारखांच्या हिशेबाचा एक प्रोग्रॅम आजही चालतो. मधे सगळं नव्या सिस्टिमवर हलवताना वरची लेखकाच्या नावाची ओळ उडाली. नव्या मुलांना वाटतं, तो पहिल्यापासून तिथेच होता. हे कळलं तेव्हा चार दिवस मला जेवण गोड लागलं नव्हतं.

पण मग विचार केला. काम सोपवण्यापूर्वी मी आजही उलटा हिशेब करून बघते. ताळा केल्याशिवाय वही द्यायची नाही, हा सरांचा नियम. माझ्या हाताखालची मुलं तो पाळतात, घरी लेकही पाळते. तिला वाटतं, ही आईची सवय आहे. या मेळाव्याला मी तिला घेऊन येणार आहे. सरांच्या पाया पडताना तिला सांगायचं आहे, की तो नियम यांचा.