सिनेनटी शांता आपटे

वर्धापनदिनाच्या या स्मरणिकेसाठी एखाद्या स्त्रीचे चरित्र लिहून द्यावे, असे मला सांगण्यात आले. मी एका सिनेनटीचे नाव सुचवले, याचे पुष्कळ जणींना नवल वाटले. त्याला कारण घरचेच आहे. माझ्या मुलीने सिनेमात काम करण्यासाठी मुंबईला जाण्याचा हट्ट धरला आणि मी ताडकन नाही म्हटले. कोलाडसारख्या गावात लोक काय म्हणतील, एवढीच माझी भीती होती.

शांताबाई सोलापूर जिल्ह्यातील दुधनीच्या. गोड गळा ही त्यांची पुंजी. १९३२ साली भालजी पेंढारकरांच्या 'श्यामसुंदर' बोलपटातून त्या पडद्यावर आल्या. पुढे प्रभात कंपनीच्या 'अमृतमंथन' (१९३४) व 'अमरज्योती' (१९३६) या बोलपटांत त्यांनी कामे केली. १९३७ च्या 'कुंकू'ने त्यांचे नाव घरोघर पोचले. ना. ह. आपटे यांच्या कादंबरीवरून व्ही. शांताराम यांनी तो काढला होता. म्हाताऱ्या वकिलाशी फसवून लग्न लावलेली नीरा त्याला नवरा मानीत नाही, ही त्याची कथा. त्या काळी हे दाखवणे सोपे नव्हते.

तोच बाणा शांताबाईंनी प्रत्यक्षातही दाखवला. १९३९ साली कराराच्या वादावरून त्या प्रभातच्या फाटकाशी उपोषणाला बसल्या. १९४० साली त्यांनी 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक लिहिले. सिनेमात काम करणारी माणसे राबतात किती आणि मालकांच्या पैशापुढे त्यांचे चालते किती, याचा त्यात रोखठोक विचार आहे. १९४१ मध्ये त्यांनी तमिळ 'सावित्री'तही काम केले. फेब्रुवारी १९६४ मध्ये त्यांचे निधन झाले.

हे सारे वाचल्यावर माझी मलाच लाज वाटली. मुलीने विचारलेला प्रश्न शांताबाईंनी पुस्तकाच्या नावातच विचारून ठेवला होता, आणि त्याचा विचार त्यांनी कष्ट व मोबदला यांच्या हिशेबाने केला. मी मात्र शेजारणींच्या तोंडाकडे पाहत होते.

मुलीला अजून मी होकार दिलेला नाही. पण आता आम्ही मायलेकी शिक्षण, पगार, कामाचे तास आणि राहण्याची सोय यांवर बोलतो. कागद पुरता वाचल्याखेरीज सही करायची नाही, एवढे तिने कबूल केले आहे. लोक काय म्हणतील, हा विषय मी सोडून दिला.