ज्वालामुखीच्या काठावर राहणारा शास्त्रज्ञ : थॉमस जॅगर

ज्वालामुखी म्हटलं की तुम्ही काय कराल? लांब पळाल ना! पण एक शास्त्रज्ञ मुद्दाम त्याच्या काठावर राहायला गेले. त्यांचं नाव थॉमस जॅगर.

त्यांचा जन्म २४ जानेवारी १८७१ रोजी अमेरिकेतील फिलाडेल्फिया शहरात झाला. हार्वर्ड विद्यापीठात ते भूशास्त्र शिकले आणि पुढे तिथेच शिकवू लागले. ८ मे १९०२ रोजी कॅरिबियन समुद्रातील मार्टिनिक बेटावर माउंट पेले ज्वालामुखीचा भीषण उद्रेक झाला. तापलेल्या वायूचा आणि राखेचा लोट काही मिनिटांत सेंट पिअर शहरावर आला. सुमारे २८ हजार माणसं गेली. काही दिवसांनी जॅगर तिथे पोहोचले, तेव्हा शहराचे फक्त अवशेष उरले होते. उद्रेकानंतर धावत जाऊन काय उपयोग? ज्वालामुखीजवळ राहून रोज नोंदी ठेवल्या, तरच माणसं वाचतील, हे त्यांना पटलं.

म्हणून त्यांनी हवाई बेट निवडलं. तिथला किलाउआ ज्वालामुखी सतत जागा असायचा. १९१२ मध्ये त्याच्या काठावर वेधशाळेचं काम सुरू झालं. जमिनीचे बारीक हादरे यंत्रावर नोंदवायचे, लाव्हाच्या तळ्याची पातळी मोजायची, असं काम वर्षानुवर्षं चाललं.

या नोंदींचा उपयोग समुद्रकाठच्या लोकांनाही झाला बरं का! भूकंपाचे हादरे जमिनीतून काही मिनिटांत पोहोचतात, पण त्सुनामीच्या लाटांना समुद्र ओलांडायला कित्येक तास लागतात. म्हणजे मधल्या वेळात सावध करता येतं. १९२३ मध्ये जॅगर यांनी हिलो बंदराला तसा इशारा दिला, पण तो कुणी मनावर घेतला नाही. लाटा आल्या, होड्या फुटल्या, जीवही गेला. १९३३ मध्ये जपानजवळ भूकंप झाला, तेव्हा मात्र लोकांनी ऐकलं. हवाईत कुणाचाही जीव गेला नाही.

१७ जानेवारी १९५३ रोजी होनोलुलू येथे जॅगर यांचं निधन झालं. त्यांची वेधशाळा आजही काम करते. हवाईची मुलं आजही ज्वालामुखीच्या शेजारी राहतात, खेळतात, शाळेत जातात.

मुलांनो, ज्वालामुखी थांबवता येत नाही, पण त्याची चाहूल ओळखता येते. आता सांगा, इशारा वेळेवर मिळणं महत्त्वाचं, की तो ऐकणं? वर्गात चर्चा करा.